शेवटचा खिळा

आखातातल्या हवल्ली शहरातल्या माझ्या वर्कशॉपात महादेव सुतार एका कॅथेड्रलची लाकडी प्रतिकृती करत होता. गिऱ्हाईक दक्षिण अमेरिकेतला इंजिनिअर होता.

"आमच्या शहरातलं हे कॅथेड्रल भूकंपात तीनदा पडलं," तो म्हणाला होता. "दरवाजा मात्र पहिलाच आहे. त्यातला एक खिळा पुढे आलाय. तो कुणी ठोकत नाही."

फोटो बघून महादेव हसला. तोही प्रत्येक कामात एक लाकडी खिळा अर्धवट बाहेर ठेवायचा. "शेवटचा खिळा बसला की काम सुताराला आत घेतं, मुनव्वरभाई. आजोबा सांगायचे."

प्रतिकृती घेऊन जायच्या दिवशी धुळीने दुपार पिवळी झाली होती. इंजिनिअर येऊन उभा होता. मी घाईघाईत प्रतिकृती पुसत होतो. दारावर काहीतरी बोटाला टोचलं. विचार न करता मी अंगठ्याने दाबलं. लोण्यात जावं तसं आत गेलं.

मग आठवलं.

मागे वळलो. महादेवच्या टेबलावर चहा वाफाळत होता. चपला खाली होत्या. मी दोनदा हाक मारली.

इंजिनिअर वाकून त्या वीतभर दरवाजाला कान लावून होता.

"आतून कुणीतरी," तो हळूच म्हणाला, "खिळा बाहेर ठोकतंय."