एवढं रीळ संपू दे

बाबा आले तेव्हा भिंतीवर आईचा चेहरा जवळजवळ उरलाच नव्हता.

फिल्मची लांबलचक पट्टी यंत्रातून निघून छताखालच्या चाकांवरून दालनभर फिरत होती आणि पुन्हा यंत्रात शिरत होती. दर फेरीला नवा ओरखडा. पाहता पाहता चित्र झिजतं, हेच तर लेकीला आपल्या या प्रदर्शनातून लोकांना दाखवायचं होतं. लोक येत, माना डोलावत, आणि बाहेर जाऊन चहा घेत. बाबांना मात्र तिने बोलावलंच नव्हतं. 

बाबा बाकावर बसले. भिंतीवर आई ओले केस पुसत दारात आली, थबकली आणि तिने हात वर केला. ओठ हलले, पण फिल्मला आवाज नव्हता. पट्टी फिरून आली. पुन्हा तेच दार, पुन्हा तोच हात.

"ही कॉपी आहे ना?" बाबांनी विचारलं.

खोटं बोलायचं तिने ठरवलं होतं, पण जीभ रेटेना. "नाही, बाबा. कॉपी झिजली असती तर कुणाला काय वाटलं असतं?"

गेलेल्या आईची फिल्म एवढी एकच होती, आणि ती बाबांनीच घेतलेली. ते चिडतील या धास्तीने तीच बोलत सुटली. लोक या हाताबद्दल फार विचारतात, आई निरोप घेतेय असं मी त्यांना सांगते, वगैरे वगैरे.

"निरोप कसला," बाबा म्हणाले. "'पुरे झालं, ठेवा तो कॅमेरा आणि या इकडे,' म्हणत होती. मी म्हटलं, थांब, एवढं रीळ संपू दे."

लेकीला भडभडून आलं. आपण काय मांडून बसलो हे, असं वाटून तिने बटणाकडे हात नेला. बाबांनी मान हलवली.

"चालू दे."

 बऱ्याच फेऱ्यांनंतर पट्टी दोन टोकांच्या जोडावर तुटली. तो जोड रोज एकदा तरी सुटायचाच. सवयीने तिने खिशातली चिकटपट्टी काढली. पण तोवर बाबा काठी टेकत भिंतीपाशी पोचले होते. भिंतीवर आता नुसता उजेड होता.

"संपलं गं रीळ," ते त्या उजेडाला म्हणाले. "आलो."