इंजिन गार होईपर्यंत

पहिल्यांदा गाडीत इंजिनच्या बिघाडाचा पिवळा दिवा लागला, तेव्हा मिस्त्रीने ताईंना समजावलं होतं, "ही हवेची झडप गार इंजिन सुरू केल्यावर मिनिटभरच काम करते. म्हणजे ती तपासायला आधी इंजिन पुरतं गार व्हायला हवं. थांबावं लागेल." ताई कसनुसं हसल्या. "थांबते की. गाडीजवळून हलायचं नाही, असं ह्यांनी बजावलंय. मिस्त्री लोकांवर विश्वास नाही त्यांचा." मग दुपारभर त्या गॅरेजच्या बाकावर भिंतीला टेकून गाढ झोपल्या. निघताना मात्र झडप कुठे असते, तिची वायर कशी निघते, हे खोदून खोदून विचारलं. मिस्त्रीनेही हौसेने दाखवलं.

नवी झडप बसवली, तरी आठवड्याभरात दिवा पुन्हा लागला. आज मिस्त्रीने बॉनेट उघडलं आणि बघतच राहिला. झडप ठणठणीत होती. फक्त तिची वायर, त्याने दाखवली होती तशीच, खटका दाबून अलगद काढून ठेवलेली होती.

इतक्यात बाकावर बसलेल्या ताईंचा फोन वाजला. पलीकडचा आवाज मिस्त्रीलाही ऐकू आला. "अजून किती वेळ? दे त्या मिस्त्रीला फोन!"

ताईंनी मिस्त्रीकडे पाहिलं. सुटी वायर त्याच्या हातात होती. त्यांचा चेहरा खर्रकन उतरला. त्यांनी फोन पुढे केला.

 

"साहेब, झडप पुन्हा अडकलीय. इंजिन गार व्हायला संध्याकाळ होईल. तुम्हीच बजावा ताईंना, गाडीजवळून अजिबात हलायचं नाही म्हणून."