मास्तरांचं जाकीट

मेक्सिको शहरात नाव कमावलेला पटकथाकार आणि निर्माता एवोदिओ एका डोंगरगावी चित्रपट करायला आला. गोष्ट त्याच गावातून नाहीशा झालेल्या मास्तरांची होती. नगराध्यक्षांनी घरच्या अडगळीतले कपडेही हौसेने दिले. त्यातलं जाकीट घालून नट चौकात आला, तशी गर्दीत बसवलेली मास्तरांची म्हातारी बहीण क्रेसेन्सिया उठली. तिने कोपरावरचं ठिगळ चाचपलं. "हे मी लावलंय, बाळा. गायब झाला त्या दिवशी अंगात हेच होतं. कुठून आणलंस?" नगराध्यक्ष खुर्चीतूनच हसले. "आजीबाईंची नजर गेलीय, साहेब. चालू द्या. आणि परतताना घाटात जपून हं." आजवर एवोदिओने धाडस फक्त लिहिलं होतं. कॅमेरामन कुजबुजला, "कॅमेरा चालूय. बंद करू?" "नको. त्यांच्याकडे वळव." नगराध्यक्षांचं हसू मावळलं. चौकाच्या कडेची त्यांची माणसं पुढे सरकू लागली.