कसून शोध

मुलाच्या खुनाचा तपास कोर्टाच्या देखरेखीखाली होता, म्हणून तपास अधिकारी दर महिन्याला अहवाल घेऊन येत. मुलाची आईही एक तारीख चुकवत नसे. अधिकारीच बाकावर सरकून तिला जागा करून देत. "बसा मावशी. गुडघे काय म्हणतात?"

अकराव्या तारखेला न्यायाधीशांनी पहिल्यांदाच अहवाल मोठ्याने वाचला. "खून डोळ्यांनी पाहणारी एकमेव साक्षीदार, म्हणजे मयताची आई, मिळून येत नाही. शोध चालू आहे."

आई ताडकन उठली. "अहो साहेब, मी इथेच..."

"ओ बाई, खाली बसा! कोर्ट चालू आहे," शिपाई खेकसला.

"कसून शोध घ्या," न्यायाधीश मान वर न करता म्हणाले आणि त्यांनी तीन महिन्यांची मुदत दिली.

बाहेर पडताना अधिकाऱ्यांनी तिला पायरीवर हात दिला. "आता तीन महिन्यांनी, मावशी. तारीख चुकवू नका हं."