पाणी उतरलं

“काकी, धरणाचं पाणी उतरलं. आपल्या जुन्या गावची विहीर उघडी पडली म्हणतेत,” सेवकराम आपल्या टपरीवर चहा गाळता गाळता म्हणाला.

शेळी चारायला निघालेली धुरपताबाई थांबली. “कोणती विहीर?”

“काकाजीनं खोदलेली.”

काकाजी म्हणजे तिचा नवरा. त्याला जाऊन बरीच वर्षं झाली होती. तिने शेळी बाकड्याच्या पायाला बांधली आणि धरणाची वाट धरली.

ती वळणाआड गेल्यावर बाकड्यावरची माणसं हसली. सगळे त्याच बुडालेल्या गावचे. एक एप्रिल होता. दर साली या दिवशी सेवकराम कोणाला तरी फसवायचा आणि फसलेल्याला फुकट चहा पाजायचा. मागच्या खेपेला त्याने बैल सुटले म्हणून डोमाला शेतापर्यंत पळवलं होतं.

“कोसभर वाट हाय बे,” डोमा म्हणाला. “बुढी मानूस.”

“येईन बुढी अर्ध्यातून वापस. कोणी ना कोणी सांगंन तिले.”

दुपार झाली. शेळी ओरडायला लागली तेव्हा सेवकरामने स्वतः जाऊन पाला तोडून आणला. माणसं जेवून परत आली. आता कोणी हसत नव्हतं.

ऊन कललं तेव्हा ती आली. पायांवर गुडघ्यापर्यंत चिखल वाळला होता. सेवकरामने चहा पुढे केला.

“एप्रिल फूल होतं, काकी. रागावू नको.”

“वाटेतच समजलं मले. मासेवाला भेटला. पाणी जसंच्या तसं हाय म्हणे.”

“मंग वापस काहून नाई आली?”

“निघालीच होती. येरवी कोण नेते मले तिकडं?”

तिने चहा बशीत ओतला. सगळे तिच्या तोंडाकडे पाहत होते.

“विहीर नाई दिसली,” ती म्हणाली. “चिंचेचा शेंडा दिसला. वाळलेला. वर पाणकावळा बसला होता, पंख पसरून.”

“कोणाची चिंच?” सेवकरामने विचारलं.

“गावात चिंच एकच होती गा. तुह्या दारातली.”

 सेवकराम हळूच म्हणाला, “कोणत्या अंगानं दिसते?”

“मासेवाले काठाले डोंगे बांधतेत न, तिथून सरळ. उजेड पाहिजे पण.”

तिने बशी खाली ठेवली, शेळी सोडली आणि घराकडे गेली.

डोमा हसला. “सेवक्या, बुढीनं तुले फूल केलं बे. इतक्या सालात कोणाले नाई दिसला शेंडा, अन् आजच दिसला?”

“असंन,” म्हणत सेवकरामने गॅस बंद केला. दुधावर झाकण ठेवलं. मोटारसायकल रस्त्यावर काढून चालू केली, पण तो निघाला नाही.

“बसतं का मांगं?”

डोमाने मावळतीकडे पाहिलं. अजून उजेड होता. तो उठला आणि मागे बसला.