समुद्रदिनाचे वक्ते

आमच्या बोलिव्हियाचा समुद्र चिलीने युद्धात घेतला, पण आम्ही नौदल काही मोडलं नाही. उचलून टिटिकाका तळ्यात सोडलं. कासिमिरोमामांची सगळी नोकरी त्या तळ्यात गेली. दर समुद्रदिनाला मात्र ते घसा फोडून भाषण ठोकायचे, "चोरांनो, आमचा समुद्र परत करा!"

निवृत्तीनंतर मामी त्यांना पहिल्यांदा समुद्र दाखवायला चिलीलाच घेऊन गेल्या. मामांनी पाण्याला पाय लागतील अशी खुर्ची टाकली, तळलेले मासे हाणले आणि बसल्या बसल्या ते घोरू लागले. जाग आली तर पाणी पार लांब गेलेलं. ताडकन उठून ते ओरडले, "अगं, चोरांनी पुन्हा पळवला!"



मामी दातओठ खात पुटपुटल्या, "अहो, ओहोटी आहे ती. आणि हळू बोला, नवरा नौदलात होता असं मी इथे सगळ्यांना सांगून बसलेय."