चार दातांचा काटा

सून कामात हात चोरते, हे गाऱ्हाणं सासू रोज संध्याकाळी मुलाच्या ताटात वाढायची. फरशी रगडत नाही, भांडी घासते की कुरवाळते कळत नाही, आणि आज तर हद्दच झाली. डुकराच्या पोटाचा थोरला तुकडा कातडीसकट कापायच्या पाटावर पडलेला, आणि ही त्याला काट्याने अशी टोचतेय, जणू झोपलेलं तान्हं उठेल.

"अगं, ते मेलंय. त्याला दुखत नाही," सासू स्टुलावरून म्हणाली. "टोच."

चिनी पद्धतीचं भाजलेलं डुकराचं मांस ही तिची मिरवायची गोष्ट. शाळेत शिकली नाही तेवढं चिनी खानावळीत भांडी घासताना म्हाताऱ्या आचाऱ्याच्या हाताकडे बघून शिकली. आधी उकळतं पाणी ओतून कातडी आवळून घ्यायची. मग काट्याने तिची चाळणी करायची. वर व्हिनेगर, त्यावर मिठाचा थर, आणि रात्रभर फ्रिजमध्ये उघडं ठेवायचं. दुसऱ्या दिवशी ओव्हनमध्ये ती कातडी अशी फुगते की सुरी लावली तर शेजारच्या घरात ऐकू जावं. उद्या मुलाचे साहेब जेवायला येणार होते. मुलगा सकाळपासून घरभर येरझारा घालत होता.

"फक्त कातडी हं," तिने बजावलं. "मांसापर्यंत गेलीस तर रस वर येतो, कातडी भिजते, आणि साहेब चप्पल चावत बसतात."

सून हसली नाही. टोचत राहिली. काट्याचा शेवटचा दात वाकडा होता. दर वेळी तीन ठिपके सरळ उठायचे आणि चौथा जरा खाली, रांगेतून सटकू बघणाऱ्या पोरासारखा.

"बाही वर घे. व्हिनेगरच्या वाडग्यात बुडतेय."

"राहू दे, आई."

"राहू दे काय? वर घे म्हणते ना!" सासूने उठून स्वतःच बाही ओढली.

कोपराच्या खाली तीन ठिपके सरळ, चौथा खाली. त्याच्या वर तसेच चार, खपली धरलेले. त्याच्याही वर चार, पिवळे पडलेले.

"हे काय झालं?"

"काट्यावर हात पडला."

"तीनदा?"

सून बाही खाली ओढू लागली. सासूने पाटाकडे पाहिलं, मग त्या हाताकडे, मग पुन्हा पाटाकडे. तिला सही करताना घाम फुटायचा. पण हे अक्षर तिला वाचता आलं.

"अजून अर्धं पण झालं नाही?" मुलगा दारात उभा होता. "तू बरोबर सांगतेस, आई. हिचा हातच चालत नाही."

"होतंय. तू बाहेर बस."

तो आत आला. सुनेची मान मागून धरून त्याने तिचं तोंड खाली दाबलं, ओल्या कातडीला नाक चेपेपर्यंत. "जवळून बघ. दिसतंय का आता?"

"सोड तिला," सासू म्हणाली.

"तू मध्ये पडू नकोस. रोज संध्याकाळी तूच म्हणतेस ना, हिला जरा कामाला शिकव म्हणून? शिकवतोय."

सासूने पुढे केलेला हात हळूच मागे घेतला.

मुलाने सुनेची मान आणखी दाबली आणि दुसरा पंजा तिच्या तोंडाशेजारी मांसावर आपटला. "इथे टोच! इथे! जोर लाव!"

सुनेने जोर लावला.

काटा पंजात उभा राहिला. चारही दात आत. मुलाने किंचाळून तो उपसला, फेकला, आणि त्याच रक्ताळलेल्या हाताने सुनेला अशी ठेवून दिली की तिचं डोकं फ्रिजच्या दारावर आदळलं. ती तिथेच खाली घसरली. ओट्यावरच्या मिठाच्या भांड्यात रक्ताचे थेंब पडले होते. मीठ ते पिऊन गुलाबी होत होतं.

"आई, बघितलंस? बघितलंस हिने काय केलं? आत्ताच्या आत्ता हिला घराबाहेर काढ!"

सुनेने डोळे मिटून घेतले. या घरात कुणाचा शब्द चालतो आणि तो कुणाच्या बाजूने पडतो, हे तिला नवं नव्हतं.

सासू पुढे आली. दोघांच्या मध्ये उभी राहिली. मुलाने तिच्यापुढे पंजा धरला. लहानपणी गुडघा फुटला की असाच यायचा, फुंकर घालून घ्यायला. तिने मनगट घट्ट पकडलं. इतकं घट्ट, की त्याने दचकून तिच्याकडे पाहिलं. मग दुसऱ्या हाताने व्हिनेगरचा वाडगा उचलला आणि त्या चार भोकांवर सगळा उपडा केला.

तो गुडघ्यांवर कोसळला. ओरडत राहिला. तिने मनगट सोडलं नाही. वाडग्यातला शेवटचा थेंब पडेपर्यंत तशीच उभी राहिली, मग हात टाकून दिला, फडकं टाकावं तसा.

काटा टेबलाखाली पडला होता. कमरेवर हात ठेवून ती वाकली, तो उचलला, फडक्याला पुसला. सुनेच्या भिवईतून रक्त गालावर येत होतं. सासूने काट्याची मूठ तिच्याकडे केली, आणि तिची बोटं त्यावर घट्ट मिटेपर्यंत थांबली.

"मांसापर्यंत गेलं," ती म्हणाली. "आज हात चालला तुझा."